लोकअदालतीत चेकचे प्रकरण मिटवताना : एका फिर्यादी दुकानदाराचा अभिप्राय

न वटलेल्या चेकच्या फौजदारी प्रकरणात तडजोड करण्यासाठी मी आमच्या तालुक्याच्या न्यायालयात भरणाऱ्या राष्ट्रीय लोकअदालतीची सेवा दोनदा घेतली, सप्टेंबर 2023 मध्ये आणि त्याच वर्षीच्या डिसेंबरात. सेवा हा शब्द मी मुद्दाम वापरतो आहे. ज्या कायद्याखाली ही लोकअदालत भरते त्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, 1987 च्या नावातच तो आहे, आणि ज्याला सेवा म्हणतात त्याचे मोजमाप घेणाऱ्याने करावे यात वावगे काही नाही. माझे माप पाचपैकी साडेतीन. तिथे एक रुपयाही शुल्क लागत नाही, निवाड्यावर अपील नसल्यामुळे मिटलेले प्रकरण पुन्हा उकरले जात नाही, आणि फिर्यादी व आरोपी एका टेबलाशी बसून आकड्यांवर बोलतात, हे तिचे मोठे गुण आहेत. पण तडजोड टिकते की नाही, हे पुरसिशीत, म्हणजे तडजोडीच्या अटी लिहून न्यायालयात द्यायच्या कागदात, काय लिहिले आहे आणि पैसे प्रकरण बंद होण्याआधी येतात की नंतर, यावर ठरते. या दोन गोष्टी तडजोड घडवून आणणारे पॅनेल तुमच्यासाठी पाहत नाही.

प्रकरण थोडक्यात असे. माझे सिमेंट आणि सळईचे दुकान आहे. एका ठेकेदाराने उधारीवर उचललेल्या मालापोटी ऑगस्ट 2021 मध्ये 4,80,000 रुपयांचा चेक दिला, तो 'फंड्स इन्सफिशियंट' असा शेरा घेऊन परत आला. बँकेच्या मेमोपासून तीस दिवसांच्या आत वकिलांमार्फत नोटीस, नोटीस मिळाल्यापासून पंधरा दिवस पैसे भरण्याची सवड, आणि ती संपल्यापासून एका महिन्याच्या आत प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांकडे फिर्याद, ही वाट आमच्या व्यवसायातल्या बहुतेकांना आता पाठ झाली आहे. चेक न वटणे हा गुन्हा ठरवणारे परक्राम्य संलेख अधिनियमाचे कलम 138 हे 1 एप्रिल 1989 पासून लागू आहे, 2002 च्या दुरुस्तीने त्यातली कमाल शिक्षा एका वर्षावरून दोन वर्षांवर गेली, आणि दंड चेकच्या रकमेच्या दुपटीपर्यंत होऊ शकतो. त्याच कायद्याचे कलम 143 असेही म्हणते की खटला सहा महिन्यांत संपवण्याचा प्रयत्न व्हावा. माझ्या प्रकरणात सहा महिन्यांत आरोपीला समन्सही लागले नव्हते.

सर्वोच्च न्यायालयाने या खटल्यांच्या ढिगाची स्वतःहून दखल घेतली, त्या प्रकरणात 2021 साली नोंदवलेला आकडा सांगण्यासारखा आहे. 31 डिसेंबर 2019 रोजी देशात प्रलंबित असलेल्या 2.31 कोटी फौजदारी प्रकरणांपैकी 35.16 लाख प्रकरणे एकट्या कलम 138 ची होती. आमच्या न्यायालयाच्या व्हरांड्यात बोर्डावर लावलेली दिवसाची यादी वाचली की हा आकडा खोटा वाटत नाही, कारण एस.सी.सी. (संक्षिप्त फौजदारी खटला) क्रमांकाखाली 'वि.' च्या अलीकडे एखादी पतसंस्था किंवा व्यापारी आणि पलीकडे एखादा कर्जदार, अशा ओळी पानभर चालतात. दोन वर्षांत मी तेवीस तारखांना हजर राहिलो. त्यांपैकी सात तारखांना आरोपी नव्हता, चार वेळा न्यायाधीश रजेवर होते, आणि एकदा आरोपीच्या वकिलांनी उलटतपासासाठी मुदत मागितली ती इतक्या आर्जवाने की मलाच वाईट वाटले.

मग तडजोडीला तयार का झालो, हे सांगणे आवश्यक आहे, कारण आमच्या बाजारात 'मिटवले' याचा अर्थ 'हरला' असा घेणारे पुष्कळ आहेत. निकाल माझ्या बाजूने लागला असता तरी आरोपीने सत्र न्यायालयात अपील केले असते. अपिलात किमान वीस टक्के रक्कम भरण्याचा आदेश कलम 148 खाली होऊ शकतो हे खरे, पण उरलेल्या ऐंशी टक्क्यांची वाट किती वर्षे पाहायची याला उत्तर नाही. खटला चालू असताना वीस टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाई मिळण्याची कलम 143अ ची तरतूद 2018 पासून आहे, आणि माझा तसा अर्जही होता, पण त्यावर नुसत्या तारखाच पडत होत्या. शिवाय मला त्या माणसाला तुरुंगात पाठवायचे नव्हते. तुरुंगात बसलेला ठेकेदार स्लॅब टाकत नाही, आणि स्लॅब टाकला नाही तर त्याच्याकडे पैसे येत नाहीत.

कायद्याने तडजोडीचे दार पूर्ण उघडे ठेवले आहे. कलम 147 सांगते की या कायद्याखालील प्रत्येक गुन्हा आपसांत मिटवता येतो. मात्र मिटवण्यासाठी फिर्यादीची संमती लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने 2012 साली स्पष्ट केले आहे. ही गोष्ट मी अधोरेखित करतो, कारण लोकअदालतीच्या गर्दीत फिर्यादीला असे वाटू लागते की आपण आता नाही म्हटले तर काही तरी गुन्हा होईल. तसे मुळीच नाही. तडजोड जमली नाही तर प्रकरण जसेच्या तसे नियमित न्यायालयात परत जाते आणि लोकअदालतीत झालेल्या बोलण्याचा तुमच्याविरुद्ध उपयोग होत नाही.

तालुका विधी सेवा समितीची नोटीस मला आठ दिवस आधी मिळाली. ती तीन आठवडे आधी मिळायला हवी होती. दिवस दुसऱ्या शनिवारचा. येथे एक अगदी क्षुल्लक वाटणारी पण अनेकांना महागात पडणारी गोष्ट सांगतो. राष्ट्रीय लोकअदालत बहुधा शनिवारी भरते, आणि दुसऱ्या शनिवारी बँका बंद असतात. त्यामुळे 'साहेब, आत्ता बँकेतून डीडी काढून आणतो' हे वाक्य ऐकून माना डोलावणाऱ्या फिर्यादींना दुपारी रिकाम्या हाताने परत जावे लागते. आरटीजीएस आता चोवीस तास चालते, पण ते पाठवणाऱ्याच्या मोबाईलमधली मर्यादा आधी वाढवलेली असेल तरच. माझ्या वकिलांनी शुक्रवारीच समोरच्या वकिलांना कळवले होते की पहिला हप्ता डिमांड ड्राफ्टने हवा आणि तो आजच काढून ठेवावा.

न्यायालयाच्या आवारात मांडव होता. आत टेबले मांडली होती, आणि प्रत्येक टेबलाशी एक पॅनेल: मधे न्यायाधीश, एका बाजूस वकील, दुसऱ्या बाजूस समाजकार्य करणाऱ्या एक बाई. वीजबिलांची टेबले वेगळी, बँकांच्या वसुलीची वेगळी, मोटार अपघात दाव्यांची वेगळी. आमच्या टेबलाशी साडेदहाला लागलेली रांग एकच्या सुमारास माझ्यापर्यंत आली. न्यायाधीशांनी फाइल चाळली आणि विचारले, "काका, तुम्हाला मुद्दल हवे आहे की शिक्षा?" मी म्हणालो, "मुद्दल, आणि थोडे व्याज." त्यांनी ठेकेदाराकडे पाहिले. तो म्हणाला, "साहेब, अण्णांचे पैसे बुडवायचे नाहीत. सरकारी बिल अडकले आहे." सरकारी बिल अडकले आहे हे मी दोन वर्षे ऐकत होतो. पण या वेळी तो वकिलांच्या आडून न बोलता माझ्यासमोर बसून बोलत होता, आणि त्याचा आवाज खाली होता, हेही खरे.

आकडा पंधरा मिनिटांत ठरला. 4,80,000 वरून 4,50,000. दीड लाखांचा डीडी तेव्हाच, दीड लाख ऑक्टोबरअखेर, दीड लाख नोव्हेंबरअखेर. व्याज सोडले, मुद्दलातूनही तीस हजार सोडले. पॅनेलवरच्या बाईंनी हिशेब अतिशय समंजसपणे मांडला: आणखी दोन वर्षांची वकील फी आणि दुकान बंद ठेवून घालवलेले अर्धे दिवस धरा, मग सांगा तीस हजार जास्त आहेत का. हा प्रश्न माझ्याच वकिलांनी मला कधी विचारला नव्हता. या एका गोष्टीसाठी मी लोकअदालतीला भरभरून गुण देतो.

गुण कापायचे ते पुढच्या टप्प्यावर. समोरच्या वकिलांनी तडजोड पुरसीस आधीच टाइप करून आणली होती. तिसऱ्या कलमात लिहिले होते, 'उर्वरित रक्कम आरोपी फिर्यादीस सवडीने अदा करील व फिर्यादीची आरोपीविरुद्ध काहीएक तक्रार राहिलेली नाही.' सवडीने! त्या एका शब्दापायी माझे तीन लाख रुपये सुटले असते. टेबलावरचे कारकून सही कुठे करायची ते बोटाने दाखवत होते, मागे रांग होती, आणि पॅनेलमधील कोणीही ते कलम मोठ्याने वाचले नाही. माझ्या वकिलांनी पेन काढून 'सवडीने' वर आडवी रेघ मारली, दोन तारखा आकड्यांत व अक्षरांत लिहिल्या, दुसरे वाक्य पुरते खोडले, आणि खाली नवीन कलम घातले: ठरलेल्या तारखेस कोणताही हप्ता न मिळाल्यास ही तडजोड रद्द समजावी, मिळालेली रक्कम वजा धरावी आणि मूळ फिर्याद आहे त्या टप्प्यापासून पुढे चालावी. प्रत्येक खाडाखोडीपाशी दोन्ही पक्षांनी सह्या केल्या.

हे कलम का लागते, ते मला नंतर समजले. सर्वोच्च न्यायालयाने 2021 च्या एका निर्णयात म्हटले आहे की तडजोडीचा करार झाला की मूळ फिर्याद त्या करारात सामावून जाते. करारापोटी दिलेला नवा चेक वटला नाही तर त्या नव्या चेकवर नवे प्रकरण उभे राहते, पण जुने आणि नवे अशी दोन्ही प्रकरणे एकाच वेळी चालवता येत नाहीत. म्हणजे पुढच्या तारखांचे चेक घेऊन तडजोड केली आणि ते परत आले, तर उपाय आहे, परंतु तो नोटिशीपासून, समन्सपासून, पहिल्या पानापासून. काही वकील अशा चेकना संरक्षण म्हणतात, आणि त्यांच्या म्हणण्यात तथ्य आहे. मला मात्र चेकच्या प्रकरणात पुन्हा चेकच घेण्याची कल्पना, दुधाने तोंड पोळलेल्याने पुन्हा दुधाचेच पातेले तोंडाला लावावे तशी वाटली.

त्याच दिवशी निवाडा करून प्रकरण बंद करावे असा पॅनेलचा आग्रह होता. लोकअदालत संपल्यावर किती प्रकरणे निकाली निघाली हे वर कळवायचे असते, त्यामुळे तो आग्रह समजण्यासारखा आहे, पण त्यात फिर्यादीचे हित नाही. आम्ही विनंती केली की अटी नोंदवून प्रकरण नियमित न्यायालयात ठेवावे आणि शेवटचा हप्ता आल्यावर डिसेंबरच्या लोकअदालतीत निवाडा व्हावा. न्यायाधीश थोडे नाराज झाले, पण त्यांनी ते मान्य केले. या ठिकाणी माझ्या वकिलांऐवजी एखादा नवखा असता, तर ते मान्य झाले असते याची मला खात्री वाटत नाही.

आमच्याच गल्लीतल्या एका शेजाऱ्यांनी, ज्यांचे टाइल्सचे दुकान आहे, त्याच मांडवात दुसऱ्या टेबलाशी त्यांच्या 2,10,000 रुपयांच्या चेकचे प्रकरण मिटवले. त्यांना त्या दिवशी 30,000 मिळाले, बाकीचे सहा हप्त्यांत, आणि निवाडा तिथल्या तिथे. दुसऱ्या हप्त्यापासून आरोपीने फोन उचलणे बंद केले. फौजदारी प्रकरण निकाली निघालेले असल्यामुळे वॉरंटचा धाक उरला नाही. लोकअदालतीचा निवाडा विधी सेवा प्राधिकरण अधिनियमाच्या कलम 21 प्रमाणे दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा मानला जातो, आणि तो कलम 138 च्या प्रकरणातला असला तरी तसाच अमलात आणता येतो, हे 2011 सालीच ठरले आहे. त्यामुळे त्यांचे पैसे कायद्याने बुडालेले नाहीत. दरखास्त, म्हणजे तो निवाडा अमलात आणण्याचा अर्ज, दाखल करायला बारा वर्षांची मुदत आहे. पण दरखास्त म्हणजे बेलिफ, जप्तीचा हुकूम, आणि आरोपीच्या नावावर नेमके काय आहे याचा शोध. ज्याच्या नावावर फक्त एक जुनी दुचाकी आहे त्याची जप्ती करून टाइल्सचे पैसे निघत नाहीत. लोकअदालतीत त्यांना दोष द्यावा असे काहीही बेकायदेशीर घडले नव्हते, तरी ते आधी होते त्याहून अवघड जागी जाऊन बसले.

खर्चाच्या मुद्द्यावर बहुतेकांचा गोंधळ असतो, म्हणून त्याबद्दल जरा सविस्तर. दामोदर प्रभू प्रकरणात 2010 साली सर्वोच्च न्यायालयाने ठरवले की आरोपीने पहिल्या किंवा दुसऱ्या तारखेलाच तडजोड मागितली तर त्याच्यावर खर्च बसवू नये. त्यानंतर दंडाधिकाऱ्यांपुढे तडजोड झाल्यास चेकच्या रकमेच्या दहा टक्के, सत्र न्यायालयात किंवा उच्च न्यायालयात पंधरा टक्के आणि सर्वोच्च न्यायालयात वीस टक्के रक्कम त्याने विधी सेवा प्राधिकरणाकडे भरावी. उशिरा मिटवणाऱ्याने न्यायालयाच्या वाया गेलेल्या वेळेची किंमत मोजावी, असा हेतू. लोकअदालतीतल्या तडजोडीलाही हा नियम सर्वसाधारणपणे लागू आहे, मात्र कारणे नोंदवून खर्च कमी करता येतो, असे 2014 साली सांगितले गेले. माझ्या प्रकरणात दहा टक्के म्हणजे 48,000 रुपये. ठेकेदाराच्या वकिलांना हा आकडा पाहून घाम फुटला, कारण तो माझ्या खिशात येणार नव्हता आणि तरी त्याच्या खिशातून जाणार होता. हप्त्यांची शिस्त पाहून डिसेंबरात न्यायाधीशांनी तो 10,000 वर आणला.

आता चित्र बदलले आहे. सप्टेंबर 2025 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे दर सुधारले. आरोपीने बचावाचा पुरावा नोंदवण्यापूर्वी चेकची रक्कम भरली तर खर्च नाही. त्यानंतर पण निकालाआधी भरली तर पाच टक्के. सत्र किंवा उच्च न्यायालयात साडेसात, आणि सर्वोच्च न्यायालयात दहा टक्के. आरोपीच्या दृष्टीने ही मोठी सवलत आहे. फिर्यादीच्या दृष्टीने तिचा अर्थ असा की उलटतपास संपून आरोपीच्या पुराव्याची तारीख जवळ आली, की समोरून तडजोडीचा निरोप येण्याची शक्यता सर्वांत जास्त. त्या सुमारास आपला किमान आकडा कागदावर तयार ठेवावा. बोलणी करताना एक खुंटी जिची आम्हाला 2023 मध्ये मदत झाली, ती आता पूर्वीइतकी घट्ट राहिलेली नाही, असेही माझे मत आहे.

ऑक्टोबरचा हप्ता वेळेवर आला. नोव्हेंबरचा आला नाही. डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात वकिलांनी समोरच्या वकिलांना एका ओळीचा निरोप पाठवला की शनिवारी पैसे नसतील तर सोमवारी फिर्याद जिथे थांबली तिथून सुरू होईल. शनिवारी सकाळी नऊ वाजून वीस मिनिटांनी, मी मांडवाकडे चालत असताना, मोबाईलवर दीड लाख जमा झाल्याचा संदेश आला. ठेकेदार फाटकापाशी उभा होता. "अण्णा, बघा आले का," एवढेच म्हणाला. या वेळी टेबलाशी सात मिनिटे लागली. गुन्हा मिटवला की त्याचा परिणाम आरोपीच्या निर्दोष सुटकेसारखा असतो, त्यामुळे सरकारी कामांच्या निविदा भरताना त्याच्या नावावर शिक्षा लागत नाही. मला वाटते, शेवटचा हप्ता सोमवारऐवजी शनिवारीच येण्यामागे या गोष्टीचा वाटा मोठा होता.

सेवेतल्या उणिवा सांगायच्या तर मांडवात पिण्याचे पाणी अकरालाच संपले होते, पॅनेलला एका प्रकरणामागे फार वेळ देता येत नव्हता, आणि निवाड्याची प्रत पक्षकारांना विनामूल्य द्यायची असूनही ती हातात यायला मला चार चकरा माराव्या लागल्या. ज्यांच्यासोबत वकील नव्हते ते पुरसीस न वाचताच सही करत होते. पॅनेलमधल्या वकील सदस्यांनी प्रत्येक पुरसिशीतली रक्कम, तारीख आणि हप्ता चुकल्यास काय, ही तीन कलमे मोठ्याने वाचून दाखवावीत, इतका साधा नेम केला तरी माझे दीड गुण परत येतील.

ज्यांना तीन महिने थांबायचे नाही त्यांच्यासाठी नियमित न्यायालयात कोणत्याही तारखेला कलम 147 खाली अर्ज देऊन प्रकरण मिटवण्याची सोय आहेच, आणि संपूर्ण रक्कम एकरकमी मिळत असेल तर मी तोच मार्ग सुचवेन. नाती गुंतलेली असतील, भागीदारीचा हिशेब चेकमागे दडलेला असेल, तर न्यायालयाच्या मध्यस्थी केंद्रात निवांत बसून बोलता येते. तिथे रांग नसते. आकडा निश्चित आहे, वाद फक्त किती सोडायचे आणि केव्हा द्यायचे एवढाच आहे, अशा प्रकरणाला लोकअदालत उत्तम.

टाइल्सवाल्या शेजाऱ्यांनी आता दरखास्त दाखल केली आहे. बेलिफाने पहिला अहवाल 'ऋणको घरी मिळून आला नाही' असा दिला असून पुढची तारीख जानेवारीची आहे.